डब्यावरचा मजकूर

गेल्या पावसाळ्यात आमची लेक चौथा महिना लागल्यावर पंधरा दिवसांसाठी माहेरी आली. पहिल्याच सकाळी आम्ही नेहमीच्या सवयीने तिच्यापुढे कॉफीचा पेला ठेवला. तिने तो उचलला, वास घेतला, पुन्हा खाली ठेवला आणि विचारले, "बाबा, यात कॅफिन किती असतं?"

"कॉफीत असतं तेवढं," आम्ही म्हणालो.

हे उत्तर त्या क्षणी आम्हांला चतुर वाटले होते. तिला ते तसे वाटले नाही. तिच्या डॉक्टरांनी दिवसाला २०० मिलिग्रॅमची मर्यादा घालून दिली होती, आणि आदल्या वर्षी तिच्या वाट्याला जे आले ते ठाऊक असलेल्या घरात त्या आकड्याची थट्टा करण्याची सोय नव्हती. (त्या वेळी जे झाले त्याचा कॉफीशी काही संबंध होता, असे कोणत्याही डॉक्टरांनी म्हटलेले नाही, आम्हीही म्हणत नाही. परंतु एकदा पोळलेले माणूस कारणे तपासत बसत नाही, पेला दूर ठेवते.) "थांब, डब्यावर लिहिलेलं असेल," असे म्हणून आम्ही चष्मा शोधू लागलो.

आता, मजकूर वाचणे हा आमचा व्यवसाय. तीस वर्षे आम्ही वर्गात एकच गोष्ट निरनिराळ्या शब्दांत सांगत आलो: जे काही आहे ते संहितेत आहे, आधी संहिता नीट वाचा. तेव्हा डब्यावरचा मजकूर आम्ही त्या दिवशी प्रथमच, एखादे हस्तलिखित वाचावे तसा, ओळ न ओळ वाचला. घरात दोन प्रकारची कॉफी होती. एक फिल्टरची पूड, चकचकीत पुडीतली. दुसरी पाहुण्यांसाठी ठेवलेली, काचेच्या बरणीतली झटपट कॉफी. पुडीवर निव्वळ वजन होते, कमाल किंमत होती, परवाना क्रमांक होता, शाकाहाराचा हिरवा ठिपका होता (कॉफी मांसाहारी असेल अशी शंका कोणाला येत असावी, देव जाणे), कोरड्या जागी ठेवण्याची सूचना होती, आणि मिश्रणात कॉफी शेकडा ५३ व चिकोरी शेकडा ४७ असल्याची कबुली होती. विशेषणे तर विचारू नका. बरणीवर पोषणमूल्यांचा तक्ता होता: १०० ग्रॅममध्ये ऊर्जा किती, प्रथिने किती, कर्बोदके किती, सोडियम किती. शंभर ग्रॅम कॉफीची पूड एका बैठकीत खाणारा मनुष्य आम्ही अजून पाहिलेला नाही. पण त्याच्यासाठी सर्व तपशील होता. ज्या एका द्रव्यासाठी माणसे कॉफी पितात, आणि ज्या एका द्रव्यापायी डॉक्टर ती कमी करायला सांगतात, त्याचे नाव दोन्ही ठिकाणी नव्हते.

योगायोगाने त्याच आठवड्यात आमचा भाचा उतरला होता आणि त्याने फ्रिजमध्ये उत्तेजक पेयाचा एक डबा आणून ठेवला होता. तो डबा मात्र बोलका निघाला. कॅफिनचे प्रमाण जास्त आहे. मुलांनी, गरोदर आणि स्तनदा मातांनी घेऊ नये. शिवाय कॅफिनचा आकडा. आपल्या अन्नसुरक्षा विनियमांत 'कॅफिनयुक्त पेय' असा वेगळा वर्ग आहे. त्यात लिटरमागे कॅफिन १४५ मिलिग्रॅमहून कमी नसावे आणि ३०० मिलिग्रॅमहून अधिक नसावे. म्हणजे अडीचशे मिलिलिटरच्या त्या भेसूर डब्यात, कायदा पाळलेला असेल तर, जास्तीत जास्त ७५ मिलिग्रॅम. आमच्या पितळी फिल्टरमधून उतरलेल्या सोज्वळ पेल्यात किती? लेकीने विचारलेला प्रश्न तोच होता, आणि आता तो आम्हांलाही पडला.

येथे कायद्याच्या बाजूने एक गोष्ट सांगितली पाहिजे. भारतीय कायद्याला कॉफीतले कॅफिन अजिबात माहीत नाही, असे नव्हे. उलट आहे. भाजलेल्या कॉफीत कॅफिन शेकडा एकाहून कमी असता कामा नये, झटपट कॉफीत शेकडा २.८ हून कमी नको, कॉफी-चिकोरीच्या मिश्रणात शेकडा ०.६ हून कमी नको, असे तो बजावून सांगतो. त्याच मिश्रणात कॉफी निदान शेकडा ५१ असली पाहिजे आणि दोहोंचे प्रमाण वेष्टनावर छापले पाहिजे, हेही त्याचेच सांगणे. पण हे सारे 'किमान' आहे. ग्राहकाच्या पोटात जास्त जाईल अशी भीती या नियमांच्या मुळाशी नाही. ग्राहकाला कमी मिळेल अशी आहे. चिंचोक्यांची, खजुराच्या बियांची, भाजलेल्या चण्यांची पूड कॉफी म्हणून खपवली जाई. चिकोरीचे मूळ भाजून दळले की तेही रंगाला आणि कडवटपणाला पुरून उरते. या साऱ्या तोतयांत कॅफिन नसते. तेव्हा प्रयोगशाळेत कॅफिन मोजायचे ते खऱ्या कॉफीची ओळख पटवण्यासाठी, एखाद्या वारसाच्या अंगावरची जन्मखूण पाहावी तसे. त्या जन्मखुणेचा परिणाम कोणाच्या काळजाच्या ठोक्यांवर होतो, हा प्रश्न त्या कायद्याला पडलेला नाही.

हा इतिहास आम्हांला परका वाटला नाही. आमच्या आजोळी पोल्सनची 'फ्रेंच कॉफी' येत असे. फ्रेंच म्हणजे चिकोरी घातलेली, हे आम्हांला फार उशिरा कळले. तोवर त्या नावात आम्ही पॅरिस पाहत होतो. आजी ती दुधात उकळून वर जायफळ उगाळून घालीत असे. जायफळाने झोप येते अशी घरोघर समजूत, आणि कॉफीने ती उडते हा घरोघर अनुभव. एकाच पेल्यात या दोन्ही गोष्टी एकत्र घालणाऱ्या समाजाला मिलिग्रॅमचा हिशेब का सुचला नसावा, याचे थोडेफार उत्तर त्या जायफळात असावे. असो.

कॅफिनला वेगळे काढण्याची कथा साहित्याच्या विद्यार्थ्यांना आवडावी अशी आहे. १८१९ मध्ये येना येथे फ्रीडलीब रुंगे नावाच्या तरुण रसायनशास्त्रज्ञाने वृद्ध गटेला एक प्रयोग दाखवला: बेलाडोनाच्या अर्काचा थेंब टाकला की मांजराच्या डोळ्याची बाहुली कशी विस्फारते तो. गटे खूष झाला आणि त्याने जाताना रुंगेच्या हातावर कॉफीच्या बिया ठेवल्या. यांचेही पृथक्करण करून पाहा, म्हणाला. आपल्याकडे शाकुंतलाच्या संदर्भात ज्याचे नाव घेतल्यावाचून एकही प्राध्यापक पुढे जात नाही, तो गटे असा कॅफिनच्या जन्माच्या वेळी हजर आहे. रुंगेने ते द्रव्य वेगळे केले. पुढे त्याला जे नाव चिकटले ते मात्र कॉफीवरूनच आले, आणि आमच्या मते साऱ्या घोटाळ्याचे बीज तेथे आहे. द्रव्याचे नाव वस्तूवरून पडले की वस्तूचे नाव घेतल्यावर द्रव्याचे घेण्याची गरज उरत नाही, असे सर्वांनाच वाटू लागते.

युरोपच्या कायद्याने तर हे वाटणे कलमबद्धच केले आहे. २०११ च्या तेथील नियमानुसार लिटरमागे १५० मिलिग्रॅमहून अधिक कॅफिन असलेल्या पेयावर 'कॅफिनचे प्रमाण जास्त' ही सूचना, मुलांना व गरोदर आणि स्तनदा स्त्रियांना इशारा आणि दर १०० मिलिलिटरमागचा आकडा छापावा लागतो. अपवाद एकच: ज्या पेयाच्या नावातच 'कॉफी' किंवा 'चहा' हा शब्द आहे, त्यावर नाही. नाव हीच सूचना. पदार्थ त्याच्या नावाने पुरेसा सांगितला गेला आहे, असे मानणारा हा बहुधा एकमेव विधिनियम असावा. भाषाविज्ञानाच्या तासाला तो वाचून दाखवावा अशी आमची इच्छा आहे. शब्दातून वस्तूचे अस्तित्व कळते हे मान्य. प्रमाण कसे कळावे? 'पाऊस' म्हटल्याने छत्री घ्यावी हे समजते, नदीला पूर येईल की नाही हे समजत नाही.

आणि नाव स्वतःच मापाचे काम करू लागले, तर? अमेरिकेत एका उपाहारगृहांच्या साखळीने २०२२ मध्ये कॅफिन घातलेले लिंबू-सरबत विकायला काढले. त्याची जाहिरात करताना तिने, यात आमच्या गडद भाजलेल्या कॉफीइतके कॅफिन आहे, अशा आशयाची तुलना वापरली. मोठ्या पेल्यात ते ३९० मिलिग्रॅमपर्यंत जात होते. ज्या कॉफीत कॅफिन किती हे ग्राहकाला सांगण्याचे बंधन त्या देशात नाही, तीच कॉफी येथे मोजपट्टी झाली. पुढे मृत्यूंचे आरोप करणारे दावे दाखल झाले आणि २०२४ मध्ये ते सरबत बंद करण्यात आले.

आकडा छापणे खरोखर अवघड आहे का? काही अंशी आहे, आणि हे कबूल न करता उत्पादकांवर डोळे वटारणे अप्रामाणिकपणाचे ठरेल. २००३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अमेरिकन अभ्यासात संशोधकांनी एका प्रसिद्ध साखळीच्या एकाच दुकानातून, एकाच नावाची कॉफी सलग सहा दिवस विकत घेतली. सोळा औंसांच्या पेल्यात सर्वांत कमी कॅफिन २५९ मिलिग्रॅम निघाले, सर्वांत जास्त ५६४. ग्लासगोच्या संशोधकांनी २०१२ मध्ये वीस कॅफेंतल्या एस्प्रेसोंची तुलना प्रसिद्ध केली. एका पेल्यात ५१ मिलिग्रॅम, तर दुसऱ्यात ३२२. बी कोणते, पूड किती, दळण किती बारीक, पाणी किती आणि किती वेळ, सगळ्यावर ते अवलंबून. अरेबिकाच्या बीमध्ये कॅफिन साधारण शेकडा १.२ असते, रोबस्टात त्याच्या दुपटीच्या जवळपास, साधारण २.२. आपल्या देशात पिकणारी बहुतांश कॉफी रोबस्टा आहे. परंतु आमच्या पुडीवर दोहोंपैकी कोणते बी आहे याचाही उल्लेख नव्हता. 'स्ट्राँग' असा मात्र होता. ते विशेषण चवीचे असते. गडद भाजण्याने कडवटपणा वाढतो. कॅफिन भाजण्याने फारसे बदलत नाही. पण वाचणारा 'स्ट्राँग'चा अर्थ झोपेशी लावणार, आणि छापणाऱ्याला तो लावायला नको आहे असेही दिसत नाही.

आम्ही उत्पादकाला पत्र लिहिले. पुडीवरच्या पत्त्यावर, ई-मेलने, शुद्ध मराठीत आणि खाली इंग्रजीत. अकराव्या दिवशी उत्तर आले. कॅफिन हा कॉफीचा नैसर्गिक घटक आहे; त्याचे प्रमाण पीक, मिश्रण व कॉफी करण्याची पद्धत यांनुसार बदलते; आमचे उत्पादन सर्व लागू मानकांना अनुसरून आहे; आमच्यावरील प्रेमाबद्दल आभार. उत्तरात एकही असत्य वाक्य नव्हते. एकही आकडाही नव्हता. पेल्यातले कॅफिन उत्पादकाला सांगता येणार नाही, हे ठीक. तो पेला आम्ही भरतो. पण पुडीतल्या एका ग्रॅममध्ये किती, हे त्याला ठाऊक असलेच पाहिजे, कारण किमान मर्यादा पाळल्याचे तोच सांगतो. पिकानुसार बदलते म्हणावे, तर नाशिकची द्राक्षेही दरवर्षी सारखी नसतात. वाइनच्या बाटलीवर मद्यार्काचे शेकडा प्रमाण तरीही छापले जाते. दहा किंवा अधिक शाखा असलेल्या उपाहारगृहांनी पदार्थांसमोर उष्मांक लिहावेत, असा नियम २०२० च्या विनियमांनी आपल्याकडेही आणला. तेव्हापासून कॉफीच्या मोठ्या दुकानांत फलकावर कॉफीतली साखर आणि दूध उष्मांकांच्या रूपाने हजर असतात. कॉफी तेवढी गैरहजर.

उत्तराची वाट न पाहता आम्ही दरम्यान स्वतःच गणित मांडले होते. आमच्या एका पेल्याला दहा ग्रॅम पूड धरली. त्यात शेकडा ५३ कॉफी, म्हणजे ५.३ ग्रॅम. बी अरेबिका असेल तर सुमारे ६४ मिलिग्रॅम कॅफिन, रोबस्टा असेल तर सुमारे ११७. चिकोरीचे शून्य. फिल्टरमधून सगळेच उतरत नाही, पण गरोदरपणी हिशेब वरच्या बाजूने धरावा. दोन पेल्यांचे मग एकीकडे १२८ होतात आणि दुसरीकडे २३४. डॉक्टरांची २०० ची रेघ बरोबर या दोन आकड्यांच्या मधून जाते. म्हणजे लेकीने दुपारची कॉफी घ्यावी की घेऊ नये, हे पुडीवर न छापलेल्या एका शब्दावर अवलंबून होते.

ही रेघ लहरीने ओढलेली नाही. निरोगी प्रौढांच्या शरीरातले निम्मे कॅफिन साधारण पाच तासांत ओसरते. गरोदरपणाच्या शेवटच्या महिन्यांत त्याला पंधरा तासही लागू शकतात. ते वारेतून गर्भापर्यंत पोचते आणि गर्भाला ते पचवून टाकण्याची सोय नसते. युरोपच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणाने २०१५ मध्ये सर्वसाधारण प्रौढांसाठी दिवसाला ४०० आणि गरोदर स्त्रियांसाठी २०० मिलिग्रॅमपर्यंतचे सेवन चिंतेचे नाही, असे मत दिले. डॉक्टर हा आकडा सांगतात तेव्हा त्यांची अशी समजूत असते की आकडा ऐकणाऱ्याजवळ मोजण्याचे साधन आहे. एकाने मिलिग्रॅममध्ये बोलायचे, दुसऱ्याने विशेषणांत, आणि मध्ये उभ्या असलेल्या बाईने त्याचे भाषांतर करायचे.

हे सर्व आम्ही जेवणाच्या वेळी काहीशा आवेशाने मांडत होतो. सौ. ऐकून घेत होत्या. शेवटी त्या म्हणाल्या, "अहो, पण तुमचा चमचा रोज सारखा भरलेला असतो का? कंपनीला पत्र लिहिण्याआधी तो बघा."

आम्ही वजनकाटा आणला. आठवडाभर रोज सकाळी, नेहमीसारखी, डोळ्यांच्या अंदाजाने फिल्टरमध्ये पूड घातली आणि मग ती काढून तोलली. दर पेल्यामागे सर्वांत कमी सात ग्रॅम भरली, सर्वांत जास्त बारा. बाराचा दिवस रविवार होता. त्या दिवशी आम्ही खुशीत होतो. ज्या हातावर तीस वर्षे भरवसा ठेवला तो जवळजवळ पाऊणपटीच्या फरकाने चुकत होता. त्या अमेरिकन दुकानातल्या सहा दिवसांविषयी वाचताना आम्ही जी भुवई उंचावली होती, ती हळूच खाली घेतली. पण म्हणून पुडी निर्दोष ठरत नाही, असे आम्ही सौ.ना सांगितले. आमचा चमचा आम्हांला तोलता आला. पुडीतले बी घरच्या काट्यावर तोलता येत नाही.

लेकीसमोर कॅफिन काढून टाकलेल्या कॉफीचा पर्यायही ठेवून पाहिला. तिचा शोध ब्रेमेनच्या लुडविग रोझेलियस यांच्या नावावर आहे. त्यांचे वडील कॉफीच्या व्यापारात होते. अतिरेकी कॉफीनेच ते गेले अशी मुलाची समजूत होती, असे सांगतात. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात त्यांनी ही कॉफी बाजारात आणली, आणि त्यासाठी बेन्झीन वापरले, जे आज कोणी पेल्याच्या आसपासही येऊ देणार नाही. हल्लीच्या पद्धती सौम्य आहेत. येथेही 'काढून टाकलेली' म्हणजे 'नसलेली' नव्हे. युरोपात अशा झटपट कॉफीत शेकडा ०.३ पर्यंत कॅफिन चालते. ते अर्थात फारच थोडे. लेकीने एक घोट घेतला आणि म्हणाली, "बाबा, ही कॉफीची आठवण आहे." पेला तिने संपवला नाही.

मग तिने स्वतःच ठरवले: सकाळी एक पेला, पूड आठ ग्रॅम, तोलून, दुपारी काही नाही. हिशेब वरच्या बाजूने धरला तरी तो शंभराच्या आत होता. पुडी बोलली असती, तर कदाचित दुपारची कॉफीही तिला निर्धास्तपणे घेता आली असती; कदाचित नसती. जे दुपारचे साडेतीन आम्ही तिच्या शाळेच्या दिवसांपासून एकत्र घालवत आलो, ते त्या पंधरा दिवसांत आम्ही एकट्याने घालवले. ती समोर बसायची, ताक घेऊन. निघताना तिने वजनकाटा मागून नेला.

माघात तिला मुलगी झाली. दोघी उत्तम आहेत. परवा तिचा फोन आला. आता अंगावर पाजते, दुधातून थोडे कॅफिन उतरते, तेव्हा मर्यादा आहेच. पण दुपारचा पेला पुन्हा सुरू करावा असे तिच्या मनात होते. "बाबा, नवीन पुडी आणलीत का? काही छापलंय का बघा ना."

आम्ही चष्मा लावून पाहिले. वेष्टन बदलले होते. रंग तपकिरीवरून हिरव्यावर आला होता, कोपऱ्यात डोंगराचे चित्र होते, 'स्ट्राँग'च्या जागी 'एक्स्ट्रा स्ट्राँग' झाले होते, आणि किंमत बारा रुपयांनी वाढली होती. ते सर्व आम्ही तिला वाचून दाखवले.

"बरं," ती म्हणाली, "मग आठ ग्रॅमच."